आपण आलो

१

साबिनो वामानच्या सहलीत दोन तासांची चाल, अठ्ठावीस थापा आणि एक भिंत एवढा माल असायचा. चाल खरी, भिंतही खरी. थापा मात्र साबिनोच्या मते सगळ्यांत खऱ्या, कारण त्या त्याने स्वतःच्या मेहनतीने घडवल्या होत्या. भिंत काय, इंकांनी आयती बांधून ठेवली होती.

वायराकांचा नावाची ही जागा काही जगभर गाजलेली नव्हे. मोठमोठे अवशेष पाहून ज्यांचा अर्धा दिवस उरला किंवा ज्यांचे गुडघे बोलायला लागले, असली मंडळी इथे यायची. पाच पडक्या खोल्या, उतारावर शेतीच्या दगडी पायऱ्या आणि सगळ्यांत वर बारा कोनाड्यांची भिंत. "दोन दगडांमधून सुरीचं पातं जात नाही," हे सगळेच गाईड सांगतात. साबिनो पुढे जोडायचा, "माझ्या सासूचा टोमणा तेवढा जातो."

मग तो टोपी काढून भिंतीसमोर उभा राहायचा, पाहुण्यांना गप्प करायचा आणि क्वेचुआत, म्हणजे तिथल्या डोंगरी बोलीत, ओरडायचा, "आम्ही आलोऽऽ!"

दोन श्वासांनंतर भिंत बोलायची. घोगरी, सावकाश, सातव्या कोनाड्यातून. "आम्ही... आलोऽऽ..."

पाहुण्यांच्या अंगावर काटा. कुणी डोळे पुसायचं, कुणी वहीत लिहून घ्यायचं. एका दाढीवाल्या प्राध्यापकाने तर भिंतीला वाकून नमस्कार केला होता.

भिंतीला प्रतिध्वनी-बितिध्वनी काही नव्हता. भिंतीला दोनातो होता.

दोनातो म्हणजे साबिनोचा दोन वर्षांनी मोठा भाऊ. सातव्या कोनाड्याच्या मागे एक दगड निखळून भगदाड पडलं होतं, तिथे तोंड लावून तो बसायचा. एकतीस वर्षं हा धंदा बिनबोभाट चालला. सगळ्या गावाला ठाऊक, पाद्रीबाबांनासुद्धा ठाऊक. वर्षातून एकदा तरी साबिनोने "कोण आहे?" असं ओरडावं आणि दोनातोने "तुझा बाप" म्हणावं, हाही नेम. मग साबिनोने गंभीर तोंड करून पाहुण्यांना सांगावं, की हा सूर्याचा जुना मंत्र आहे.

नियम एकच होता. साबिनोची दुसरी हाक येईपर्यंत दोनातोने मागची जागा सोडायची नाही. सुरुवातीला एकदा तो आगाऊपणाने आधीच बाहेर आला आणि झुडपामागे आडोशाला बसलेल्या एका फ्रेंच बाईच्या समोर उभा राहिला. बाई किंचाळली, दोनातो त्याहून मोठ्याने किंचाळला, आणि गाव वर्षभर हसलं. तेव्हा दोनातोने शपथच घेतली. "तू 'चल, आपण जाऊ' म्हटल्याशिवाय हलणार नाही, साबिन्या. देवदूत न्यायला आला तरी त्याला म्हणेन, थांब, भावाची हाक यायचीय."

पाहुणे वळणापलीकडे गेले की साबिनो परत वर यायचा, भिंतीला टेकून हळूच म्हणायचा, "चल, आपण जाऊ." आणि दोघे खिदळत उतरायचे.

२

ऑक्टोबर होता. सकाळपासून बारीक बुरबुर चालली होती, ढग डोंगराच्या कमरेशी येऊन बसले होते. साबिनोबरोबर तीनच पाहुणे. हॉलंडचं एक उंचच उंच जोडपं, दोघांच्या हातांत मिळून चार काठ्या, आणि लिमाहून आलेल्या ओफेलिया बाई. बाई भूगोल शिकवून निवृत्त झालेल्या आणि अकरा वर्षांपूर्वी इथे येऊन गेलेल्या.

"तेव्हा भिंत माझ्याशी बोलली होती," चढावर थांबून बाई म्हणाल्या. धाप लागली होती, पण तोंड थांबत नव्हतं. "मी वर्गात दरवर्षी सांगायचे. दगडसुद्धा उत्तर देतो, तुम्ही मेल्यांनो का देत नाही?"

"बाई, धाप बसायला कोकाची चार पानं गालात धरा आणि दहा पावलं गप्प राहा," साबिनो म्हणाला. "इथे हवा कमी आहे, ती सगळी तुम्हीच वापरताय. या हॉलंडकरांना त्यांच्या उंचीवर आधीच पुरत नाही."

हॉलंडकरांना कळलं नाही, पण ते हसले. साबिनोही हसला. हसण्याची सवय तोंडाला होती, माणूस आत नसला तरी तोंड आपलं काम करत होतं.

कारण आठ महिन्यांपूर्वी दोनातो गेला होता, आणि तेव्हापासून साबिनोने कुणालाच भिंतीसमोर उभं केलं नव्हतं. "भिंतीला सर्दी झालीय," अशी एकोणतिसावी थाप त्याने तयार केली होती.

फाटकाशी खुस्ता वहिनी बसली होती. दोनातोची बायको. तिकिटं फाडायची, बाकावर टोपलीत उकडलेली मक्याची कणसं आणि खारट चीज मांडून विकायची. तिने पाहुण्यांकडे पाहिलं, तिकिटं फाडली. साबिनोकडे पाहिलं नाही.

"वहिनी, पाऊस वाढणार वाटतं," साबिनो म्हणाला.

वहिनीने टोपलीवरचं फडकं नीट केलं. पूर्वी हीच बाई त्याला "ये साबिन्या, ये थापाड्या, आज किती गाढवं आणलीस?" म्हटल्याशिवाय फाटक उघडत नसे. आठ महिने झाले, एक अक्षर नाही.

तिचं बरोबरच होतं, आणि तेच तर वाईट होतं. फेब्रुवारीतल्या त्या दुपारी पाहुणे उतरल्यावर साबिनोला लहर आली. आज दोनात्याची जिरवू. बसू दे तासभर हाकेची वाट बघत. खाली येऊन त्याने वहिनीकडूनच कणीस घेतलं आणि हसत तिला सांगितलं. तीही हसली. मग गारा सुरू झाल्या. दोनातो खुळा थोडाच आहे, कधीच दुसऱ्या वाटेने घरी गेला असेल, असं दोघांनीही धरलं. उजेड कमी झाला तेव्हा साबिनो वर गेला. दोनातो तिथेच होता, गुडघे पोटाशी घेऊन, टोपीच्या काठावर गारांचा थर. दात वाजत होते आणि तरी तो हसत होता.

"जायचं का आता?" त्याने विचारलं होतं.

'चल, आपण जाऊ' म्हणायचंही साबिनोला सुचलं नाही. त्याने स्वतःचा पोंचो भावाच्या अंगावर टाकला आणि त्याला पाठीवर घेऊन उतरला. नवव्या दिवशी खोकला थांबला, दोनातोही थांबला.

३

"सर्दीबिर्दी काही नाही," ओफेलिया बाई भिंतीसमोर काठी रोवून म्हणाल्या. "मी लिमाहून आलेय. एकदा हाक मारा. नाही बोलली तर नाही बोलली, मी काही तुम्हाला नापास करत नाही."

साबिनोने भिंतीकडे पाहिलं. ढग तिथपर्यंत आला होता. कोनाडे काळे आणि ओले, सातवा सगळ्यांत काळा. त्याला वाटलं, हरकत काय आहे? ओरडू, काही येणार नाही, बाईंची खात्री पटेल आणि खाली जाऊन चहा पिऊ.

त्याने टोपी काढली. "आम्ही आलोऽऽ!"

पागोळीसारखं पाणी कुठेतरी टपकत होतं. एक श्वास. दोन.

"आपण... आलोऽऽ..."

हॉलंडकरांनी टाळ्या वाजवल्या. बाईंचे डोळे भरले. "तोच आवाज," त्या म्हणाल्या, "अगदी तोच!"

साबिनोची टोपी हातातच राहिली.

पाहुण्यांच्या कानाला काहीच वेगळं लागलं नव्हतं, आणि लागणार कसं? बाईंना क्वेचुआ येत नव्हतं आणि त्यांच्या स्पॅनिशमध्ये 'आम्ही' आणि 'आपण' यांना मिळून एकच शब्द आहे. क्वेचुआत मात्र, अगदी आपल्या मराठीसारखे, दोन वेगळे. 'आम्ही' म्हटलं की समोरचा बाहेर. 'आपण' म्हटलं की तोही आत. साबिनोने 'आम्ही' पाठवलं होतं. कुठलाही प्रतिध्वनी पाठवलेलं ते परत करतो, दुरुस्त करून देत नाही.

आता साबिनो आयुष्यभर दुसऱ्यांना फसवत आलेला माणूस. असा माणूस सहजी फसत नाही. त्याने मनात लगेच चोर धरला. विल्बर. गाडीचा ड्रायव्हर, दात काढणारा, दोनातोची नक्कल हुबेहूब करणारा. खाली गाडी लावून मागच्या वाटेने आला असणार डुक्कर.

"एक मिनिट हं," म्हणून तो भिंतीला वळसा घालून मागे गेला.

मागे कुणी नव्हतं. गवत वाकलेलं नव्हतं, चिखलात पाऊल नव्हतं. दोनातोचा बसायचा सपाट दगड तेवढा होता. सकाळपासूनच्या बुरबुरीने भिंत, गवत, गोटे, सगळं भिजून काळं झालं होतं. त्या दगडावर मात्र मधोमध एक पांढुरका कोरडा ठिपका होता. ठिपका कसला, चांगला परातीएवढा. बसलेला माणूस नुकता उठावा, एवढा.

साबिनो बघत होता तोवर त्यावर पावसाचा एक थेंब पडला. मग दुसरा.

त्याच वेळी खूप खालून गाडीचा भोंगा दोनदा वाजला. कंटाळला की विल्बर असाच वाजवायचा.

४

"माझा आवाज टाकून बघते," साबिनो परत आला तेव्हा बाई म्हणत होत्या. त्यांनी तोंडाशी हात धरून स्पॅनिशमध्ये नमस्काराची हाक दिली. भिंत गप्प. हॉलंडकराने काठ्या बगलेत धरून एक लांब आरोळी ठोकली. भिंत गप्प.

"तुमचीच ओळख ठेवते वाटतं," बाई जराशा रागाने म्हणाल्या.

"जुनी उधारी आहे," साबिनो बोलून गेला आणि स्वतःच्याच विनोदाने त्याचं तोंड कोरडं पडलं.

कान म्हातारे झालेत, त्याने स्वतःला सांगितलं. त्रेसष्ट वर्षांच्या कानात वारा काय वाटेल ते बोलतो. माणसाला जे ऐकायचं असतं तेच ऐकू येतं. पण हे त्याला ऐकायचं होतं का? बरं, दगड कोरडा राहिला तो भिंतीच्या आडोशाने. पण भिंतीच्या आडोशाला तर बाकीचे दगडही होते.

शेवटी त्याने फसवणाऱ्याला फसवायचं ठरवलं. एकच प्रश्न असा होता, ज्याचं ठरलेलं उत्तर दोनातोने कधीच चुकवलं नव्हतं. विल्बर असो, वारा असो की म्हातारे कान, 'तुझा बाप' आलं नाही म्हणजे सगळं खोटं.

"कोण आहेऽऽ?" तो ओरडला.

एक श्वास. दोन. तीन. बाई कान देऊन उभ्या होत्या.

'तुझा बाप' आलं नाही. साबिनोने सुटकेचा श्वास सोडला. तो अर्धा सुटला असेल नसेल, तेवढ्यात सातव्या कोनाड्यातून आवाज आला. या वेळी मोठा नव्हता. पाहुण्यांसाठी काढलेला नव्हता. दात वाजत असताना माणूस बोलतो तसा.

"आपण जायचं का आता?"

"काय म्हणाली?" बाईंनी विचारलं.

"पाऊस येतोय म्हणाली," साबिनो म्हणाला. ही तिसावी थाप. एवढी वाईट थाप त्याने उभ्या जन्मात मारली नव्हती, आणि बाईंनी ती तशीच गिळली.

५

त्याने पाहुण्यांना खाली पाठवलं. वाट सरळ होती, फाटक दिसत होतं. "तुम्ही व्हा पुढे, वहिनीकडून कणसं घ्या, चीज जास्त मागा. माझी शिट्टी राहिलीय वर." शिट्टी त्याच्या गळ्यातच लटकत होती. बाईंनी शिट्टीकडे पाहिलं, त्याच्या चेहऱ्याकडे पाहिलं आणि काही विचारलं नाही. शाळेत इतकी वर्षं काढलेल्या बाईला कुठल्या थापेला हात लावायचा नाही ते कळतं.

पाहुणे वळणापलीकडे गेले. साबिनो भिंतीसमोर उभा राहिला.

या गावात माणूस गेला की पाचव्या दिवशी त्याचे कपडे नदीवर धुतात. धुऊन झाले की घरचा एकेक जण पाण्याकडे तोंड करून म्हणतो, "आम्ही जातो, तू राहा." 'आम्ही'च म्हणायचं. गेलेल्या माणसासमोर 'आपण' म्हणायचं नाही. कुणाच्या तोंडून चुकून निघायला लागलं, तर म्हाताऱ्या झेप घालून त्याचं तोंड दाबतात. का, ते कुणी सांगत नाही आणि कुणी विचारतही नाही.

त्या दिवशी नदीवर सगळे म्हणाले. वहिनीनेही म्हटलं, कोरड्या डोळ्यांनी. साबिनोची पाळी आली तेव्हा त्याच्या हातात दोनातोचा ओला सदरा होता आणि तोंडातून शब्दच फुटला नाही. भावाला गारांत बसवून ठेवलेल्या माणसाने पुन्हा 'तू राहा' कसं म्हणायचं? लोकांना वाटलं, म्हणाला असेल मनात. तो मनातही म्हणाला नव्हता.

म्हणजे दोनातोला राहा असंही कुणी सांगितलं नव्हतं आणि ये असंही. निदान साबिनोने तरी नाही. आणि तो तर साबिनोच्याच हाकेवर बसणारा.

अजूनही 'आम्ही जातो, तू राहा' म्हणता आलं असतं. चार शब्द. म्हणायचे आणि पाठ फिरवायची. घरी बायको, बासिलिया, सूप ठेवून बसली असेल. उद्या सकाळी नवे पाहुणे येणार. दोनातो खुळा इमानी होता, राहा म्हटलं असतं तर राहिला असता. एकही प्रश्न न विचारता त्या दगडावर बसून राहिला असता.

"आम्ही..." साबिनोने सुरुवात केली.

भिंतीमागे कुणीतरी नाक ओढलं. अगदी हळू, ऐकू जाऊ नये म्हणून दाबून. एकतीस वर्षं सर्दीच्या दिवसांत दोनातो तसंच ओढायचा आणि साबिनो पाहुण्यांना सांगायचा, भिंतीत घूस आहे.

साबिनो भिंतीला टेकला. दगड गार होता, ओला होता. सातव्या कोनाड्याशी तोंड नेऊन तो हळूच म्हणाला,

"उशीर झाला रे, दोनात्या. चल. आपण जाऊ."

काहीच झालं नाही. साबिनोने टोपी घातली आणि उतरायला लागला.

दुसऱ्या पायरीवर त्याच्या मागे आवाज आला. गावात सगळ्यांच्या पायांत गाडीच्या जुन्या टायरच्या चपला. दोनातोच्या उजव्या चपलेचा पट्टा कायम निसटलेला असायचा, खिळा ठोकतो ठोकतो म्हणत त्याने जन्म काढला. थप, चट. थप, चट. साबिनो थांबला, आवाज थांबला. हा माझ्याच पावलांचा असणार, तो मनाशी म्हणाला, दगडी पायऱ्यांत घुमतोय. वायराकांचात काहीही घुमत नाही हे त्याच्याइतकं कुणालाच ठाऊक नव्हतं.

तो चालू लागला. मान आखडल्यासारखी ताठ. पूर्वी उतरताना दोघे एकमेकांना ढकलायचे. आता मागून कुणी ढकललं असतं तर तो मेलाच असता, आणि कुणी ढकलत नाही याचं त्याला वाईटही वाटत होतं. अर्ध्या वाटेवर त्याच्या डाव्या खांद्यामागे हसू दाबल्यासारखा श्वास लागला. त्याला गारांचा वास होता. गारांना वास असतो का? त्या दिवशी पाठीवरच्या पोंचोला येत होता तो.

वळून बघ, त्याचे पाय म्हणत होते. नको बघू, मान म्हणत होती. त्याने मानेचं ऐकलं.

६

फाटकाशी पाहुणे बाकाच्या एका टोकाला दाटीने बसून कणसं खात होते. पाऊस आता जरा मोठा झाला होता. थप, चट. मग फाटकाच्या दगडावर एकदाच, थप.

खुस्ता वहिनीने मान वर केली.

तिने साबिनोकडे पाहिलं, आणि मग त्याच्या डाव्या खांद्याच्या जरा मागे पाहिलं. तिथे तिची नजर थांबली. ओफेलिया बाईंचा घास तोंडात तसाच राहिला. त्यांना काही दिसलं नसावं, त्या वहिनीच्या चेहऱ्याकडे बघत होत्या.

"आलात?" वहिनी म्हणाली.

आठ महिन्यांनी पहिला शब्द. आणि साबिनोला ती जन्मात कधी 'तू'च्या वर बोलली नव्हती.

"आलो, वहिनी," साबिनो म्हणाला.

वहिनीने टोपलीवरचं फडकं काढलं. बाकावर तिच्या शेजारी पाणी साचलं होतं ते तिने सावकाश पुसलं. मग खांद्यावरची शाल काढून दोनदा घडी घातली, पुसलेल्या जागेवर अंथरली, वर हात फिरवला.

"बस," ती म्हणाली. "किती गारठलायस!"

साबिनोच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. तो शालीवर टेकायला वाकला.

"तू नाही, साबिन्या," वहिनी म्हणाली. "तू उभा राहा जरा."